कोलूपुढचे सुंडल

सुंडल हा तमिळनाडूतल्या घराघरांत होणारा तिखटमिठाचा पदार्थ. अख्खे कडधान्य रात्रभर भिजवायचे, शिजवायचे, पाणी पूर्ण निथळून घ्यायचे आणि मोहरी, उडदाची डाळ, सुकी मिरची, हिंग नि कढीपत्ता यांच्या फोडणीत परतून वर ओले खोबरे पेरायचे. मराठी खाणाऱ्याला पहिल्या घासाला हा कोरड्या उसळीचाच प्रकार वाटतो. पण सुंडलासाठी कडधान्याला मोड आणत नाहीत, आणि सुंडल जेवणाच्या पानात भाताशेजारी क्वचितच दिसते. ते द्रोणात, कागदाच्या पुडीत किंवा नुसत्या ओंजळीत मिळते. देवळात तो प्रसाद असतो, नवरात्रात हळदीकुंकवाला आलेल्या बायकांच्या हाती पडणारे वाण असते, समुद्रकिनाऱ्यावर संध्याकाळचे खाणे असते. घरी शिजवून दुसऱ्याला वाटायचे, अशीच त्याची मूळ रीत आहे, आणि त्याचा सगळा इतिहास या वाटण्याभोवती फिरतो.

या इतिहासासाठी पोथ्या फारशा उपयोगी पडत नाहीत. राजांच्या मुदपाकखान्यातल्या कृती लिहिल्या गेल्या. भिजवून शिजवलेल्या हरभऱ्यांची कृती लिहून ठेवण्याची गरज कोणाला वाटली नाही, कारण ती प्रत्येक घरातल्या मुलीला येतच होती. म्हणून इथे साक्ष काढावी लागते ती कडधान्यांची. नवरात्राच्या नऊ संध्याकाळी एकामागून एक वेगवेगळी कडधान्ये चुलीवर चढतात, आणि त्यांतले प्रत्येक दक्षिणेत निराळ्या काळी, निराळ्या वाटेने पोहोचलेले आहे.

सर्वांत जुने मूग आणि कुळीथ. कर्नाटकातल्या बळ्ळारी भागात सनगनकल्लू, तेक्कलकोट अशा ठिकाणी नवाश्मयुगीन वस्त्या सापडल्या आहेत. या पशुपालकांनी शेण साठवून जाळल्यामुळे तयार झालेली राखेची टेकाडे आजही त्या परिसरात दिसतात. दक्षिणेतल्या या नवाश्मयुगाचा काळ ढोबळमानाने इसवी सनापूर्वी ३००० ते १२०० असा धरतात. तिथल्या मातीतून जे जळके दाणे पाण्यावर तरंगवून वेचले गेले, त्यांत बारीक भरडधान्यांच्या जोडीला मूग आणि कुळीथ ठळकपणे आहेत. ही दोन्ही कडधान्ये भारतातच माणसाळली. म्हणजे तांदूळ दक्षिणेच्या ताटात मुख्य अन्न म्हणून येण्याच्या कितीतरी आधी तिथली माणसे मूग आणि कुळीथ शिजवून खात होती. त्यांच्याकडे मोहरीची फोडणी होती की नाही हे कोणत्याही राखेतून कळणार नाही. पण मडक्यात पाणी, त्यात अख्खे दाणे आणि खाली मंद जाळ, एवढा सुंडलाचा पाया त्या वस्त्यांपर्यंत मागे जातो असे म्हणायला हरकत नसावी.

पावटा आणि चवळी ही त्यानंतरची पाहुणी. दोन्हींचे मूळ आफ्रिकेत. समुद्रमार्गे ती इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या सहस्रकात भारतात आली आणि दख्खनच्या शेतीत इतकी मुरली, की ती परकी आहेत हे आज कोणाच्या मनातही येत नाही. प्राचीन तमिळ संघम साहित्यात ती पूर्ण घरची झालेली दिसतात. पुरनानूरु या संग्रहातल्या ३३५व्या कवितेत कवी मांगुडि किळार यांनी आपल्या भूमीतली चार अन्ने मोजून सांगितली आहेत: वरगू आणि तिनै ही दोन भरडधान्ये, कोळ्ळु म्हणजे कुळीथ आणि अवरै म्हणजे पावट्याचा वर्ग. या चारांखेरीज दुसरे अन्नच नाही, असा तिचा भाव आहे. भाताचा उल्लेख त्यात नाही, हे तंजावरच्या हिरव्या खाचरांच्या चित्रावरून दक्षिणेची कल्पना करणाऱ्याने लक्षात ठेवावे.

हरभऱ्याची गोष्ट सर्वांत विलक्षण. आज सुंडल म्हटले की पहिल्यांदा काळ्या हरभऱ्याचे, तमिळमध्ये ज्याला कोंडैकडलै म्हणतात त्याचेच, सुंडल डोळ्यांपुढे येते. आणि हरभरा तर तमिळ मुलखाचे पीकच नव्हे. त्याचे मूळ आजच्या आग्नेय तुर्कस्तानात. तिथून तो सिंधू संस्कृतीपर्यंत आणि मग दख्खनमध्ये उतरला. त्याला थंड, कोरडा हिवाळा आणि ओल धरून ठेवणारी काळी माती लागते. तमिळ प्रदेशात ऐन ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये ईशान्य मोसमी पाऊस कोसळतो आणि थंडी म्हणावी अशी पडतच नाही. कोइंबतूरकडचा काळ्या मातीचा पट्टा सोडला तर तिथे हरभरा थोडाच. तो कायम उत्तरेकडून, व्यापाऱ्यांच्या पोत्यांतून येत राहिला. आजही हरभरा पिकवण्यात मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र आघाडीवर आहेत, आणि चेन्नईच्या नवरात्रातले बरेचसे हरभरे दूरच्या शेतांतले असतात. बाहेरून विकत आणावे लागणारे धान्य देवापुढे पहिल्या मानाचे ठरले आणि घरच्या रानातला कुळीथ मागे पडला, यात नवल नाही. सणाला माणूस रोजचे अन्न टाळतो.

कुळथाचे मागे पडणे मात्र खटकणारे आहे. ज्या कडधान्यावर दक्षिणेतली पहिली शेती उभी राहिली, ते पुढे कोरडवाहू शेतकऱ्याचे, मजुराचे आणि घोड्यांचे अन्न मानले गेले. मद्रासकडच्या इंग्रजी पलटणींच्या घोड्यांचा तो नेहमीचा खुराक होता. बारक्याला तीळ, जाड्याला कुळीथ अशा अर्थाची म्हण तमिळमध्ये आहे. औषध म्हणून त्याला मान, सणाच्या पानात मात्र बहुतेक घरांत जागा नाही. नवग्रहांच्या नऊ धान्यांत तो केतूचे धान्य म्हणून टिकून राहिला, एवढाच त्याचा धार्मिक आधार.

ही नवग्रहांची वाटणी सुंडलाच्या संदर्भात पाहण्यासारखी आहे. तमिळ परंपरेत सूर्याला गहू, चंद्राला तांदूळ, मंगळाला तूर, बुधाला मूग, गुरूला हरभरा, शुक्राला पावटा, शनीला तीळ, राहूला उडीद आणि केतूला कुळीथ दिला जातो. गुरुवारी देवळात गुरूला किंवा दक्षिणामूर्तीला भिजवलेल्या काळ्या हरभऱ्यांची माळ घालतात, दाणे सुईदोऱ्याने ओवून. नवरात्रात आज कोणते सुंडल करायचे हे ठरवताना पुष्कळ घरांत वारांचा हाच हिशेब चालतो: बुधवारी मूग, गुरुवारी हरभरा, शुक्रवारी पावटा. शनिवारी तिळाचे लाडू होतात. काही घरांत शुक्रवारी तांदळाच्या पिठाचा आणि गुळाचा पुट्टु करून तिखटाला सुट्टी देतात. हा नियम कुठल्या ग्रंथाने घालून दिलेला नाही. घराण्याची चाल, डब्यातला साठा आणि पाहुण्यांची आवड यांची ती तडजोड असते.

यादीच्या शेवटी अगदी नवी मंडळी येतात. भुईमूग दक्षिण अमेरिकेतला. तमिळमध्ये त्याला मणिलाकोट्टै असेही म्हणतात, कारण तो फिलिपाइन्समधल्या मनिलाकडून आला अशी समजूत या नावात आहे. एकोणिसाव्या शतकात दक्षिण अर्काट जिल्ह्यात त्याची लागवड झपाट्याने वाढली आणि पाँडिचेरी बंदरातून तो फ्रान्समधल्या मार्सेयच्या तेलघाण्यांकडे जाऊ लागला. निर्यातीचे पीक म्हणून आलेला शेंगदाणा शे-दीडशे वर्षांत उकडून, फोडणी देऊन देवीपुढे नैवेद्याच्या वाटीत बसला. राजमा आणि काबुली हरभरा हे त्याहून अलीकडचे, शहरातल्या वाणसामानाच्या दुकानांतून घरात शिरलेले.

फोडणीतली सुकी मिरचीही परदेशीच. ती सोळाव्या शतकात पोर्तुगीजांबरोबर पश्चिम किनाऱ्यावर उतरली. त्यापूर्वी तिखटपणा मिऱ्यांचा आणि आल्याचा. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर (कारकीर्द ११२६ ते ११३८) याच्या मानसोल्लास या संस्कृत ग्रंथात राजभोजनाचे सविस्तर प्रकरण आहे. त्यातल्या डाळी-कडधान्यांच्या कृतींत हिंग, हळद, आले, सैंधव हेच रुची आणणारे जिन्नस दिसतात. जुन्या चवीचा एक पुरावा जिवंत चालीतही मिळतो. तमिळ ब्राह्मण घरांत श्राद्धाच्या स्वयंपाकात मिरची वर्ज्य असते, तिखटासाठी फक्त मिरी चालतात, आणि बाहेरून आलेल्या बऱ्याच भाज्यांना मज्जाव असतो. पितरांसाठी पोर्तुगीजांपूर्वीचे स्वयंपाकघर जसेच्या तसे राखले गेले. देवीच्या नवरात्राने मात्र तसे सोवळे धरले नाही. कांदा आणि लसूण तेवढे बाहेर ठेवून त्याने मिरचीला, शेंगदाण्याला, वाटाण्याला, राजम्यालाही आत घेतले. सुंडल आजवर टवटवीत राहिले ते या मोकळेपणामुळे.

आता नवरात्राकडे. तमिळ घरांत या नऊ दिवसांत बाहुल्यांची आरास मांडतात. तिला कोलू म्हणतात. कर्नाटकात हाच गोंबे हब्ब, आंध्रात बोम्मल कोलुवु. तीन, पाच, सात, नऊ अशा विषम संख्येच्या पायऱ्या, त्यांवर पांढरे वस्त्र, सर्वांत वर कलश आणि देवता, मधल्या पायऱ्यांवर संत, राजे, लग्नाची वरात, खालच्या पायऱ्यांवर वाणी, भाजीवाली, गावजीवन. वाण्याच्या मातीच्या बाहुलीपुढे खरे तांदूळ, डाळी नि कडधान्ये इवल्या ढिगांनी मांडायचीही चाल आहे. लाकडी नवरानवरीची जोडी, मरप्पाची, ही आईकडून मुलीला मिळते. मातीच्या बाहुल्या कांचीपुरम, पणरुटी इथल्या, लाकडी कोंडपल्लीच्या आणि चन्नपट्टणाच्या, मान डोलावणाऱ्या तंजावरच्या.

कोलू म्हणजे राजदरबारची बैठक, आणि या चालीचा उगम पुष्कळदा विजयनगरच्या महानवमी उत्सवात शोधला जातो. अब्दुर रझ्झाक हा इराणी वकील १४४३ साली विजयनगरला होता. दोमिंगो पाइश हा पोर्तुगीज १५२०च्या सुमारास तिथे गेला. दोघांनीही या उत्सवाची भव्य वर्णने लिहून ठेवली आहेत: सजवलेले हत्ती-घोडे, नर्तिका, कुस्त्या, मांडलिकांचे मुजरे. हम्पीतला महानवमी दिब्बा हा दगडी चौथरा थरांवर थर चढवत बांधलेला आहे. विजयनगरनंतर १६१० साली राजा वडियार यांनी श्रीरंगपट्टणात दसऱ्याचा दरबारी सोहळा सुरू केला, आणि म्हैसूरच्या राजवाड्यात आजही बाहुल्यांसाठी वेगळी जागा आहे. राजाचा दरबार घरात बाहुल्यांच्या रूपाने उतरला, ही कल्पना मोहक आहे आणि बरीच संभवनीयही. मात्र परदेशी प्रवाशांना घराच्या आतल्या खोलीतली बायकांची आरास पाहायला मिळण्याची शक्यताच नव्हती. दरबारातून घरात, की घरातून दरबारात, याचा निकाल त्यांच्या लेखणीवरून लावता येणार नाही.

तंजावरचे मराठे या कथेत मध्येच येतात. शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजी यांनी १६७५च्या आगेमागे तंजावर घेतले आणि हे राज्य १८५५पर्यंत त्यांच्या वंशाकडे राहिले. सरस्वती महाल ग्रंथालयात सरफोजी दुसरे यांच्या काळचे शरभेंद्र पाकशास्त्र हे मराठी पाकशास्त्र जपलेले आहे. तिथे स्थायिक झालेल्या मराठी घरांनी नवरात्रात कोलू मांडायला सुरुवात केली आणि आजही तंजावरी मराठी बोलणाऱ्या पुष्कळ कुटुंबांत तो मांडला जातो. त्यांना ही चाल अवघड गेली नसावी. महाराष्ट्रात चैत्रगौरीची आरास अशीच पायऱ्यांची, खेळण्यांची आणि फराळाची असते; हळदीकुंकवाला आलेल्या सवाष्णीची ओटी भिजवलेल्या हरभऱ्यांनी भरतात, हाती आंब्याची डाळ आणि पन्हे देतात. भोंडल्यात तर महिना आश्विनच, गाणी म्हणणाऱ्या मुलीच, आणि रोज बदलणारी खिरापतही. एकाने दुसऱ्याकडून उचलले असे म्हणायला पुरावा नाही. बायकांना एकत्र येण्यासाठी दख्खनभर जे निमित्त लागत होते, त्याला ठिकठिकाणी भिजवलेल्या दाण्यांचाच आधार मिळाला, एवढे मात्र दिसते.

कोलूच्या संध्याकाळी घराचा दरवाजा उघडा असतो. शेजारपाजारच्या बायका, मुली येतात. बाहुल्या पाहतात, आलेल्यांना गाण्याचा आग्रह होतो, एखादी कीर्तनाची सुरुवात करते. जाताना हळदकुंकू, विड्याची पाने, सुपारी, फळ किंवा नारळ आणि सुंडलाची पुडी. एका संध्याकाळी चार-पाच घरी जाणारी मुलगी चार-पाच प्रकारची सुंडले घेऊन घरी परतते, आणि कोणाच्या घरी मीठ कमी होते, कोणाचे हरभरे कच्चे होते, याची चर्चा रात्री रंगते. पूर्वी ज्या काळात स्त्रीला एकटीने घराबाहेर पडायला निमित्त लागे, त्या काळात या नऊ संध्याकाळींचे मोल मोठे होते. या फिरण्याला जातीच्या आणि आळीच्या सीमा होत्या, हेही खरे. कोलू मुख्यतः ब्राह्मण, मुदलियार, चेट्टियार अशा घरांत मांडला जाई, आणि आमंत्रणही त्याच वर्तुळात फिरे.

पाऊस सुरू होण्याच्या काळात शरीराला प्रथिने मिळावीत म्हणून पूर्वजांनी सुंडलाची योजना केली, असे स्पष्टीकरण हल्ली सर्रास दिले जाते. ते पटण्यासारखे नाही. कडधान्य पौष्टिक आहे यात शंका नाही, पण चाल पडण्याची कारणे जास्त व्यवहारी दिसतात. नव्या पिकांच्या आधीच्या या दिवसांत डब्यात उरलेले असते ते वाळवून साठवलेले कडधान्य. ते स्वस्त असते, भिजवल्यावर दुपटीहून जास्त होते, आणि संध्याकाळी नेमके किती जण येणार हे ठाऊक नसलेल्या घराला पुरवठ्याला येते. वाटीभर, म्हणजे सुमारे दोनशे ग्रॅम हरभरे शिजून साडेचारशे ग्रॅमच्या आसपास भरतात. तेवढ्यात आठ-दहा जणींच्या पुड्या सहज होतात.

करायला सोपा वाटणारा हा पदार्थ बिघडतो मात्र पटकन. काळा हरभरा आठ ते दहा तास पाण्यात राहिला पाहिजे. दाणा फुगून दुप्पट होतो आणि नखाने दाबला तर आत पांढरा कोरडा गाभा उरलेला दिसत नाही, तेव्हा तो चुलीवर जायला तयार झाला. भिजवलेले पाणी टाकून देतात. पोटात वायू धरणाऱ्या शर्करांचा काही भाग त्या पाण्यात उतरलेला असतो, म्हणून ही चाल शहाणपणाची. फोडणीतल्या हिंगाला आणि किसलेल्या आल्यालाही याच कारणासाठी मान आहे. जड पाण्यात दाणा लवकर शिजत नाही, कारण पाण्यातले कॅल्शियम आणि मॅग्नेशियम सालीतल्या पेक्टिनला घट्ट धरून ठेवतात. विहिरीच्या पाण्याच्या गावांत चिमूटभर खायचा सोडा घालतात तो त्यासाठी. जास्त झाला तर दाण्याला साबणासारखी चव येते आणि साल सुटते.

शिजल्याची खूण बोटांत असते. दाणा अंगठा आणि तर्जनी यांत धरून हलकेच दाबला की तो पिठूळ होऊन दबला पाहिजे, पण आपोआप फुटता कामा नये. साल शाबूत आणि गर लोण्यासारखा, ही सुंडलाची कसोटी. शिजलेले पाणी गाळून बाजूला ठेवतात. हरभऱ्याच्या त्या तपकिरी पाण्यात चिंच, मिरीजिरे घालून रस्सम करतात, ते सणाच्या दुपारच्या जेवणात भाताबरोबर येते. दाणे रोळीत पसरून पूर्ण कोरडे करायचे. पाण्याचा अंश राहिला तर फोडणी अंगाला लागत नाही आणि पुडीचा कागद ओला होऊन फाटतो.

फोडणीला तिळाचे किंवा खोबरेल तेल. मोहरी तडतडली की उडदाची डाळ, ती लालसर झाली की मिरच्या, मग हिंग आणि कढीपत्ता. त्यात दाणे घालून दोन-चार मिनिटेच परतायचे. काही घरांत धणे, हरभऱ्याची डाळ, सुकी मिरची नि थोडे खोबरे भाजून केलेली पूड वरून घालतात. लिंबाचा रस किंवा कैरीचे तुकडे अगदी शेवटी, आच बंद केल्यावर, कारण आंबट पदार्थ आधी पडला तर न शिजलेला दाणा पुन्हा मऊ होतच नाही. ओले खोबरेही शेवटी. खोबऱ्यामुळे सुंडल रात्रीपर्यंतच टिकते, दुसऱ्या दिवशी आंबूस होते. म्हणून दुपारी करायचे, संध्याकाळी वाटून संपवायचे.

प्रत्येक कडधान्याची तऱ्हा वेगळी. मूग तीन-चार तासांत भिजतो आणि क्षणभर दुर्लक्ष झाले की त्याचे वरण होते. चवळीला भिजवण्याची फारशी गरज नाही, आणि लाल चवळीचे गूळ-वेलचीचे गोड सुंडलही करतात. पावट्याला रात्रभराचे पाणी लागते आणि त्याचा उग्र वास पहिल्या उकळीचे पाणी टाकल्यावर बराच कमी होतो. हरभऱ्याची डाळ तासाभरात भिजते, पण तिचे सुंडल मोकळे उतरवणे ही हातोटीच. डाळ शिजली आणि तरीही अख्खी राहिली, तर त्या घरच्या सुगरणीचे नाव आळीत होते.

नवमीला आयुधपूजा. त्या दिवशी सुंडल घराबाहेर पडते. छापखाने, मोटार दुरुस्तीची दुकाने, कारखाने, बसचे डेपो, सगळीकडे यंत्रांना गंधफूल वाहून चुरमुरे, डाळे, गूळ आणि सुंडल वाटतात. कोलूच्या खोलीत बायकांमध्ये फिरणारा पदार्थ इथे तेलकट हातांच्या कामगारांमध्ये फिरतो, आणि तिथे जात विचारली जात नाही. सुंडलाच्या इतिहासातला हा बदल कुठल्याही ग्रंथाने नोंदवला नसला तरी मोठा आहे.

दुसरे मोठे बाहेर पडणे समुद्राकडे झाले. मद्रासचा गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन ग्रँट डफ याने १८८४च्या सुमारास किनाऱ्यालगत फिरण्याचा रस्ता बांधून घेतला आणि त्याला मरीना हे नाव दिले. शहर संध्याकाळी हवा खायला तिथे येऊ लागले, आणि पुढे त्या वाळूत सुंडलवाले आले. इथले सुंडल पांढऱ्या वाटाण्याचे. त्यात नारळाचे पातळ काप, कैरीच्या फोडी आणि हिरवी मिरची. ‘तेंगा, मांगा, पट्टाणी सुंडल’ ही नारळ, कैरी आणि वाटाणा यांची नावे एका दमात सांगणारी आरोळी चेन्नईत वाढलेल्या प्रत्येकाच्या कानांत बसलेली असते. विक्रेता पुष्कळदा शाळकरी वयाचा मुलगा. दुपारी घरात आईने शिजवलेले सुंडल डब्यात भरून तो चारच्या सुमारास वाळूत उतरतो आणि कागदाच्या शंकूत भरून विकतो. या व्यवसायाचे कौतुक करताना त्या मुलांची शाळा सुटते हेही सांगायला हवे. चवीच्या आठवणी लिहिणारे बहुतेक लेखक ते सांगत नाहीत.

घरातल्या चुलीचा बदल १९५९च्या सुमारास झाला. त्या सुमारास भारतात प्रेशर कुकर तयार होऊ लागले, आणि तासभर धगीवर लक्ष ठेवण्याचे काम चार-पाच शिट्ट्यांवर आले. वेळ वाचला, पण बोटांनी दाणा तपासण्याची सोय गेली. झाकण उघडेपर्यंत दाणे फुटले की नाहीत हे कळत नाही. अनुभवी बायका म्हणूनच हरभरा कुकरमध्ये आणि मूग, डाळ उघड्या भांड्यात शिजवतात. मरीनावरचा पांढरा वाटाणा तर आंतरराष्ट्रीय व्यापाराला बांधला गेला. भारताने हा वाटाणा वर्षानुवर्षे मोठ्या प्रमाणावर कॅनडाहून आणला. २०१८मध्ये देशातल्या कडधान्य शेतकऱ्यांना भाव मिळावा म्हणून आयातीवर कडक मर्यादा आल्या, आणि डिसेंबर २०२३मध्ये याच, व्यापारात पिवळा म्हणवल्या जाणाऱ्या वाटाण्यावरचे आयातशुल्क उठवले गेले. दरवेळी त्याचा परिणाम गाडीवरच्या रगड्यापासून वाळूतल्या शंकूपर्यंत पोहोचला.

मुंबईत सुंडल आले ते नोकरीसाठी आलेल्या तमिळ कुटुंबांबरोबर. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात माटुंगा त्यांचे केंद्र झाले, पुढे चेंबूर, मुलुंड, डोंबिवली. नवरात्र जवळ आले की माटुंग्याच्या बाजारात मातीच्या बाहुल्या लागतात. चाळीतल्या आणि पुढे फ्लॅटमधल्या छोट्या खोलीत नऊ पायऱ्यांच्या तीन झाल्या, पोलादी घडीच्या पायऱ्या आल्या. नोकरी करणाऱ्या बायकांना रोज संध्याकाळी दार उघडे ठेवणे जमत नाही, म्हणून पुष्कळ घरांत आमंत्रण शनिवार-रविवारचे असते आणि बाकीच्या दिवशी नैवेद्यापुरते वाटीभर सुंडल होते. शेजारच्या मराठी घरांतून हळदीकुंकवाला येणाऱ्या बायकांना ते वेगळे शिकवावे लागले नाही. काही मराठी स्वयंपाकघरांत आता श्रावणात आणि गणपतीत कांदा-लसणाविनाची उसळ म्हणून सुंडलच होते, फोडणीत उडदाची डाळ घालून.

कुळीथही अलीकडे परतू लागला आहे. मधुमेहाच्या काळजीने आणि भरडधान्यांच्या नव्या आवडीमुळे चेन्नई-बंगळूरच्या घरांत तो पुन्हा विकत आणला जातो. तो आधी कोरडा भाजून, मग भिजवून शिजवावा लागतो, आणि तरीही साल थोडी कडकच राहते. नऊ दिवसांच्या यादीत त्याला अजून ठरलेला वार मिळालेला नाही. ज्या घरी तो होतो तिथे बहुधा एखाद्या मधल्या दिवशी, मुगाच्या किंवा चवळीच्या जागी.